कॉफी लिकरचे बटरक्रीम फाटते किंवा पातळ होते: लक्षणे, तपासण्या आणि उपाय

बटर आणि आयसिंग शुगर छान फेटून झाली, केकवर लावायचे हे फ्रॉस्टिंग, म्हणजेच बटरक्रीम, हलके आणि फिकट दिसू लागले, आणि कॉफी लिकर (कॉफीच्या चवीचे गोड मद्य) घातल्यानंतर दोन मिनिटांत सगळे बिघडले, अशी तक्रार घेऊन आलेली भांडी मी आजवर पुष्कळ पाहिली आहेत. त्यांतल्या बहुतेक भांड्यांत दुरुस्ती म्हणून आधीच जादा साखर पडलेली असते. त्या साखरेने बटरक्रीम सुधारत नाही, ते फक्त जड आणि अतिगोड होते. कारण हा बिघाड बहुतेक वेळा प्रमाणाचा नसून तापमानाचा असतो. नागपुरात तर तो वर्षातून दोनदा, परस्परविरुद्ध कारणांनी होतो: एप्रिल-मेच्या उन्हाळ्यात आणि डिसेंबर-जानेवारीच्या थंडीत. म्हणून साखरेच्या डब्याला हात लावण्यापूर्वी खालच्या तपासण्या क्रमाने कराव्यात, अशी माझी कळकळीची विनंती आहे. सुरुवातीच्या तपासण्यांना एक पैसाही लागत नाही, आणि बहुसंख्य भांडी त्याच टप्प्यावर सुधारतात.

पुढील सर्व सूचना या प्रमाणाला धरून आहेत: २५० ग्रॅम बिनमिठाचे बटर, ४०० ग्रॅम आयसिंग शुगर, ४५ मिलिलिटर कॉफी लिकर, दोन चहाचे चमचे इन्स्टंट कॉफी, ती विरघळवण्यापुरते दोन चहाचे चमचे गरम पाणी आणि चिमूटभर मीठ. आपले प्रमाण थोडे वेगळे असले तरी कारणे तीच राहतात.

लक्षणे

सर्वांत जास्त आढळणारे लक्षण म्हणजे फाटणे. बटरक्रीम फाटलेल्या दुधासारखे दाणेदार दिसते, भांड्याच्या कडेला तपकिरी पाणी सुटते आणि बीटर फिरताना पचपच असा आवाज येतो. दुसरे लक्षण पातळ होण्याचे: बटरक्रीम चकचकीत दिसते, बीटरच्या तारांवरून ओघळते, आणि नोझलमधून काढलेल्या फुलाच्या पाकळ्या पाहता पाहता एकमेकींत मिसळून जातात. ही दोन लक्षणे दिसायला वेगळी असली तरी गोंधळ पहिल्याच लक्षणात आहे, कारण फाटणे हे फार थंडीनेही होते आणि फार उष्णतेनेही होते. दोन्ही भांडी शेजारी ठेवली तर नुसत्या नजरेला फरक कळणे कठीण असते, आणि दोघांचे उपाय मात्र अगदी उलट असतात.

याशिवाय काही किरकोळ लक्षणे असतात. जिभेवर रवाळ लागणे, पांढऱ्या फ्रॉस्टिंगमध्ये काळपट ठिपके किंवा रेघा दिसणे, खारट किंवा आंबूस चव येणे, मद्याचा झोंबरा वास येणे, आणि फ्रिजमधून काढलेल्या केकवर थेंब जमणे. यांची कारणे वेगवेगळी आहेत आणि ती पुढे त्या त्या ठिकाणी येतील.

पहिली तपासणी: भांड्याला हात लावा

बीटर बंद करावा आणि तळहात भांड्याच्या बाहेरच्या बाजूला, फ्रॉस्टिंग जिथपर्यंत आहे त्या उंचीवर, टेकवावा. भांडे स्टीलचे असेल तर उत्तर लगेच मिळते. हाताला स्पष्ट गार लागले तर फ्रॉस्टिंग थंडीने फाटले आहे. काहीच गार लागत नसेल किंवा कोमट लागत असेल, आणि फ्रॉस्टिंगला तेलकट चमक असेल, तर ते उष्णतेने बिघडले आहे. दुसरी खूण बोटाची आहे. फ्रॉस्टिंगचा थोडा भाग दोन बोटांत चोळावा: थंडीने फाटलेल्यात बटरचे घट्ट दाणे बोटांना लागतात आणि मग विरघळतात, उष्णतेने फाटलेल्यात दाणे लागत नाहीत, फक्त तूप लागल्यासारखी बोटे चकाकतात.

ही तपासणी इतकी महत्त्वाची का, हे समजण्यासाठी बटर म्हणजे काय ते पाहावे लागेल. विकतच्या बटरमध्ये किमान ८० टक्के स्निग्धांश आणि जास्तीत जास्त १६ टक्के पाणी असते, आणि हे पाणी अतिसूक्ष्म थेंबांच्या रूपात स्निग्धांशात अडकलेले असते. फेटताना आपण त्यात हवा भरतो, आणि लिकर घालताना आणखी पाणीदार द्रव त्याच स्निग्धांशाच्या स्वाधीन करतो. स्निग्धांश मऊ पण आकार धरून ठेवणारा असेल, म्हणजे साधारण १८ ते २२ अंश सेल्सिअसच्या दरम्यान असेल, तेव्हाच तो हवा आणि द्रव दोन्ही धरून ठेवू शकतो. त्याहून बराच गार झाला की तो घट्ट दाणे बनवतो आणि द्रव बाहेर राहतो. २५-२६ अंशांच्या पुढे गेला की त्याचा मोठा भाग वितळतो, हवा निसटते आणि पाठोपाठ द्रवही सुटतो. आता मे महिन्यातले नागपूर आठवावे, जिथे दुपारी पारा ४५ अंशांच्या आसपास असतो आणि पहाटेदेखील स्वयंपाकघर २२ अंशांपर्यंत उतरत नाही. पुण्या-बेंगळुरूच्या पाककृतीत लिहिलेले ‘बटर खोलीच्या तापमानाला येऊ द्यावे’ हे वाक्य इथे मे महिन्यात जसेच्या तसे पाळले, तर फ्रॉस्टिंगचा निकाल फेटण्यापूर्वीच लागलेला असतो.

थंडीने फाटले असेल तर उपाय असा: तीन-चार मोठे चमचे फ्रॉस्टिंग वाटीत काढून जेमतेम वितळेपर्यंत, मायक्रोवेव्हमध्ये दहा-पंधरा सेकंद किंवा गरम पाण्याच्या भांड्यावर धरून, तापवावे. उकळी येऊ देऊ नये. बीटर मध्यम वेगाने सुरू ठेवून हे वितळलेले मिश्रण बारीक धारेने मूळ भांड्यात सोडावे. पहिल्या अर्ध्या मिनिटात काहीच फरक दिसत नाही आणि बहुतेक जण तिथेच धीर सोडतात. दोन-तीन मिनिटे फेटत राहावे. दाणे एकेक करून नाहीसे होतात, कडेचे पाणी आत ओढले जाते आणि बीटरचा आवाज बदलून भरीव होतो. तो आवाज बदलला की फ्रॉस्टिंग सावरले असे समजावे.

उष्णतेने बिघडले असेल तर भांडे पंधरा ते वीस मिनिटे फ्रिजमध्ये ठेवावे. फ्रीझरमध्ये ठेवू नये, कारण कडेचा भाग दगडासारखा होतो आणि मधला तसाच पातळ राहतो, आणि मग एकाच भांड्यात दोन्ही दोष तयार होतात. कडा घट्ट होऊ लागल्या की भांडे बाहेर काढून स्पॅच्युलाने कडा मध्ये आणाव्यात आणि फेटावे. गरज पडल्यास हेच पुन्हा एकदा करावे. तळाशी खूप पाणी सुटले असेल तर ते आधी वेगळ्या वाटीत ओतून घ्यावे आणि फ्रॉस्टिंग सावरल्यावर चहाच्या चमच्याने थोडे थोडे परत घालावे. ते फेकू नये. कॉफीची सगळी चव त्यातच उतरलेली असते.

दुसरी तपासणी: लिकरची बाटली कुठे होती

भांडे योग्य तापमानाला होते आणि तरीही लिकर पडताक्षणी दाणे पडले, तर बाटली फ्रिजमधून काढून थेट ओतली होती का, हे आठवावे. नागपुरातल्या घरांत उन्हाळ्यात जे सापडेल ते फ्रिजमध्ये ठेवण्याची सवय असते आणि ती समजण्यासारखी आहे. परंतु कॉफी लिकरमध्ये साखर आणि मद्य दोन्ही भरपूर असल्याने ते फ्रिजशिवाय, उन्हापासून दूर असलेल्या कपाटातही चांगले राहते. पाच अंशांचे लिकर २२ अंशांच्या बटरवर पडले की जिथे ते पडते तिथला स्निग्धांश क्षणात आखडतो. उलट बाजूने, मेमध्ये ओट्यावर ठेवलेली बाटली ३८-४० अंशांची असते आणि ती ओतणे म्हणजे बटरवर कोमट पाणी ओतण्यासारखेच झाले. म्हणून हवे तेवढे लिकर आधी वाटीत मोजून घ्यावे आणि वाटीला हात लावून पाहावा: ती फ्रॉस्टिंगच्या भांड्याइतकीच गार लागली पाहिजे. उन्हाळ्यात वाटी दहा मिनिटे फ्रिजमध्ये ठेवावी, थंडीत ती कोमट पाण्याच्या ताटलीत ठेवावी. विरघळवलेल्या कॉफीलाही हाच नियम लागू आहे. गरम पाण्यात कालवलेली कॉफी निवण्याआधी घातली गेल्यामुळे बिघडलेली भांडी कमी नाहीत.

तिसरी तपासणी: किती घातले आणि कसे घातले

४५ मिलिलिटर म्हणजे तीन मोठे चमचे. २५० ग्रॅम बटरला हे प्रमाण सुखाने झेपते, ६० मिलिलिटर ही माझ्या मते शेवटची मर्यादा आहे, आणि त्यापुढे तापमान कितीही सांभाळले तरी फ्रॉस्टिंग सैल पडते. चव कमी वाटली तर लिकर वाढवू नये, कॉफी वाढवावी. कॉफीची चव मुळात कॉफीतून येते, लिकर तिला गोडवा आणि सुगंध देते.

घालण्याची पद्धतही पाहावी. सगळे लिकर एकदम ओतले तर फ्रॉस्टिंगला ते सामावून घ्यायला वेळ मिळत नाही. एक चहाचा चमचा घालावा, मंद वेगावर ते पूर्ण दिसेनासे होईपर्यंत फेटावे, मग पुढचा चमचा. तीन मोठे चमचे म्हणजे नऊ चहाचे चमचे, त्यामुळे या कामाला चार-पाच मिनिटे लागतात आणि ती द्यावीत. शेवटच्या चमच्यानंतर मध्यम वेगावर एक मिनिट पुरते. याहून जास्त वेळ जोरात फेटल्यास घर्षणाने तापमान वाढते, आणि उन्हाळ्यात तेवढे निमित्त पुरेसे ठरते.

नागपुरात राहून संत्र्याचा मोह आवरत नाही, हेही मला माहीत आहे, आणि कॉफीबरोबर संत्रे खरोखर सुंदर लागते. मात्र रस घालू नये, कारण तो जवळजवळ सगळा पाणीच आहे. एका संत्र्याच्या सालीचा वरचा केशरी भाग बारीक किसून घालावा. सुगंध त्यातल्या तेलात असतो आणि ते तेल बटरमध्ये सहज मिसळते. सालीचा पांढरा भाग किसला गेला तर कडवटपणा येतो.

चौथी तपासणी: बटर, साखर आणि कॉफी यांची लेबले

बटरच्या पाकिटावर काय लिहिले आहे ते वाचावे. पोळीला लावायचे पिवळे टेबल बटर मिठाचे असते. नियमानुसार त्यात ३ टक्क्यांपर्यंत मीठ असू शकते, म्हणजे २५० ग्रॅममध्ये साडेसात ग्रॅमपर्यंत. कॉफीच्या कडवटपणाशेजारी ते मीठ फारच पुढे येते. खारट चवीच्या तक्रारीचे कारण जवळजवळ नेहमी हेच असते आणि झालेल्या फ्रॉस्टिंगमधून मीठ काढण्याचा काही उपाय नाही. पाकिटावर ‘फॅट स्प्रेड’ असे लिहिले असेल तर त्यात बटरपेक्षा पाणी जास्त असू शकते आणि लिकरचे वाढीव पाणी त्याला पेलवत नाही.

घरच्या सायीचे लोणी वापरून पाहावे का, असे बरेच जण विचारतात. आपल्याकडे घरोघरी लोणी निघते आणि ते ताजे असताना त्याच्या तोडीचे दुसरे काही नाही, परंतु या कामासाठी ते वापरू नये असेच मी सांगेन. कितीही धुतले आणि मळले तरी त्यात ताकाचा अंश आणि पाणी उरते, ते प्रत्येक वेळी वेगळे असते, आणि विरजणाचा आंबूसपणा कॉफीशी जुळत नाही. त्याचे तूप कढवावे, पोळीला लावावे, फ्रॉस्टिंगसाठी मात्र पाकीटच आणावे.

फ्रॉस्टिंग रवाळ लागत असेल तर कारण साखर. घरी मिक्सरवर दळलेल्या पिठीसाखरेत डोळ्यांना न दिसणारे कण राहतात आणि ते बटरमध्ये विरघळत नाहीत. शिवाय ती दळल्याबरोबर गरम असते. विकतच्या आयसिंग शुगरमध्ये थोडे कॉर्नफ्लोअर (मक्याचा स्टार्च) मिसळलेले असते, ते ओलावा शोषते आणि गाठी होऊ देत नाही. घरचीच साखर वापरायची असेल तर १०० ग्रॅमला एक चहाचा चमचा कॉर्नफ्लोअर घालून पुन्हा दळावी, पूर्ण निवू द्यावी आणि मैद्याच्या चाळणीने दोनदा चाळावी. इतवारीच्या बाजारातून सुटी आयसिंग शुगर आणली असेल तर पावसाळ्यात तिची पुडी उघडताच गाठी तपासाव्यात; बोटांनी सहज फुटणारी गाठ चाळून चालते, खड्यासारखी झालेली चालत नाही.

काळपट ठिपके म्हणजे न विरघळलेली कॉफी. इन्स्टंट कॉफीचे कण थंड लिकरमध्ये सावकाश विरघळतात आणि बटरमध्ये तर विरघळतच नाहीत, म्हणून ती आधी दोन चमचे गरम पाण्यात कालवावी लागते. फिल्टर कॉफीची पूड कशातच पूर्ण विरघळत नाही. ती घातली असेल तर ठिपके कायम राहतील आणि दाताखाली चोथा येईल. तिचा दाट अर्क काढून, गाळून, मोजून वापरता येतो, पण तेवढे लिकर कमी करावे लागते.

पाचवी तपासणी: बाटलीत नेमके काय आहे

इथे थोडे थांबून सांगावेसे वाटते, कारण हे कारण सहसा कुणाच्या लक्षात येत नाही. मेक्सिकोतल्या व्हेराक्रूझ भागात १९३६ साली सुरू झालेले कहलुआ हे जगात सर्वाधिक ओळखले जाणारे कॉफी लिकर. त्यात रम, कॉफी, साखर आणि व्हॅनिला असते, आणि मद्याचे प्रमाण बाटलीनुसार साधारण १६ ते २० टक्के असते. आपल्याकडे ते महाग पडते, म्हणून अनेक घरांत त्याऐवजी घरातली रम आणि कॉफी एकत्र करून वापरली जाते. आपल्याकडच्या रमच्या बाटलीवर मात्र सहसा ४२.८ टक्के असे लिहिलेले असते. म्हणजे तितक्याच तीन चमच्यांतून दुप्पट किंवा त्याहून जास्त मद्य जाते, आणि लिकरमध्ये जी दाट साखर होती ती अजिबात जात नाही. साखर मद्यात फारशी विरघळत नाही, त्यामुळे फ्रॉस्टिंग रवाळ लागते. द्रव पाण्यासारखा पातळ असल्याने ते लवकर सुटते. आणि झोंबरा वास येतो तो वेगळाच. एकाच कारणातून तीन लक्षणे निघतात आणि आपण तिन्हींवर वेगवेगळे उपाय करत बसतो.

रमच वापरायची असेल तर आधी तिचे लिकर करावे. १०० ग्रॅम साखर आणि १०० मिलिलिटर पाणी उकळून पाक करावा, त्यात तीन चहाचे चमचे इन्स्टंट कॉफी विरघळवावी, गॅस बंद करून मिश्रण पूर्ण निवू द्यावे आणि मगच त्यात ८० मिलिलिटर रम आणि थोडा व्हॅनिला मिसळावा. हे मिश्रण विकतच्या लिकरच्या बरेच जवळ जाते.

विकतच्या लिकरची चव कमी पडत असेल तर ते आटवण्याचा सल्ला सर्वत्र दिला जातो. ९० मिलिलिटरचे ४५ केले की चव दाट होते, हे खरे आहे. पण त्यातला धोका सांगितल्याशिवाय मी तो सल्ला पुढे देणार नाही. २० टक्के मद्य असलेल्या द्रवाची वाफ सुमारे ३६ अंशांना ज्योतीजवळ पेट घेऊ शकते आणि ४० टक्क्यांच्या द्रवाची सुमारे २६ अंशांना. नागपूरच्या मेमध्ये स्वयंपाकघराचे तापमान या दोन्ही आकड्यांच्या वर असते, म्हणजे भांडे तापवण्याआधीच परिस्थिती पेट घेण्याजोगी असते. म्हणून उघड्या गॅसवर रम किंवा लिकर आटवू नये. इंडक्शन शेगडी असेल तर मंद आचेवर, खिडकी उघडी ठेवून, शेजारचा गॅस बंद करून, मुलांना दूर ठेवून आणि भांड्यावर न वाकता हे काम करावे. इंडक्शन नसेल तर हा नाद सोडावा आणि एक चमचा कॉफी वाढवावी. आटवल्याने सगळे मद्य उडून जाते हा समजही चुकीचा आहे. बराच भाग मागे उरतो. त्यामुळे हे फ्रॉस्टिंग, आटवलेले असो वा नसो, लहान मुले, गर्भवती स्त्रिया आणि मद्य वर्ज्य असणारे कोणीही यांना देऊ नये, आणि केक समोर ठेवताना त्यात काय आहे ते स्पष्ट सांगावे. वर्धा आणि गडचिरोली जिल्ह्यांत दारूबंदी आहे. तिकडे नातेवाइकांकडे केक न्यायचा असेल तर वरचाच कॉफीचा पाक रम न घालता करावा आणि लिकरऐवजी तीन चमचे वापरावा. चव फार मागे पडत नाही.

सहावी तपासणी: खोली आणि ऋतू

सगळे साहित्य बरोबर असूनही फ्रॉस्टिंग पातळच राहत असेल तर खोली बदलावी. कूलर लावलेल्या खोलीत हवा गार वाटते, पण कूलर हवा गार करतो ती पाणी उडवून. खोली २७-२८ अंशांच्या खाली क्वचितच जाते, आणि हवेतला वाढलेला ओलावा आयसिंग शुगर शोषून घेते. एसीची खोली असेल तर फेटण्याचे काम तिथे न्यावे. नसेल तर स्टीलचे भांडे आणि बीटरच्या तारा वीस मिनिटे फ्रिजमध्ये ठेवाव्यात, बटरचे एक-एक सेंटिमीटरचे तुकडे करून दहा मिनिटेच बाहेर ठेवावेत आणि बर्फाचे पाणी घातलेल्या परातीत भांडे ठेवून फेटावे. दर मिनिटाला कडा खरवडून मध्ये आणाव्यात. बटर तयार आहे की नाही हे अंगठ्याने कळते: दाबल्यावर ठसा उमटला पाहिजे, पण अंगठा तेलकट होता कामा नये. लादी तशीच बाहेर ठेवली तर बाहेरचा थर वितळतो आणि आत गाभा कडक राहतो, म्हणून तुकडे करणे टाळू नये.

थंडीत याच्या उलट करावे. रात्रभर ओट्यावर ठेवलेले बटर जानेवारीच्या सकाळी मऊ असेलच असे नाही. परातीत कोमट पाणी घेऊन भांडे त्यात काही सेकंद टेकवावे, काढावे, फेटावे.

पावसाळ्यात केक फ्रिजमधून काढल्यावर त्यावर थेंब जमतात आणि कॉफीचे ओघळ उतरतात. फ्रॉस्टिंगचा यात दोष नसतो, दमट हवेतली वाफ गार पृष्ठभागावर जमते. केक बंद डब्यासह बाहेर काढावा आणि गारवा उतरेपर्यंत डबा उघडू नये.

मे महिन्यात उघड्यावर ठेवायच्या केकला हे फ्रॉस्टिंग करूच नये, असे माझे ठाम मत आहे. चौथा हिस्सा बटरऐवजी बेकरीचे शॉर्टनिंग (घट्ट वनस्पती चरबी) वापरून थोडा वेळ जास्त मिळतो, पण जिभेवर मेणचट थर राहतो. त्या दिवसांत चॉकलेट गनाश (चॉकलेट आणि क्रीमचे दाट मिश्रण) करावे आणि त्यात थोडे कॉफी लिकर घालावे.

सातवी तपासणी: साधने

एवढ्यानंतरही तेच होत असेल तर अंदाजाऐवजी मोजमाप हवे. अन्नासाठीचा डिजिटल थर्मामीटर काही शे रुपयांत मिळतो आणि या पदार्थापुरता तरी तो सर्वांत उपयोगी खर्च आहे. प्रत्येक टप्प्यावर आकडा लिहून ठेवावा: फेटण्यापूर्वीचे बटर, साखर घातल्यावर, लिकर घालण्याआधी, शेवटी. बिघाड कुठे सुरू होतो ते पहिल्याच खेपेला दिसते.

फ्रॉस्टिंग फेटायला चटणीच्या मिक्सरचे भांडे वापरत असाल तर ते थांबवावे. त्याचे पाते वेगाने फिरून बटर तापवते आणि हवा भरत नाही. हँड मिक्सरची मोटर सलग चालवल्यास तापते, म्हणून दर तीन-चार मिनिटांनी तिला विश्रांती द्यावी.

अंड्याच्या पांढऱ्या बलकाचे स्विस बटरक्रीम करणाऱ्यांसाठी एवढेच: बलक आणि साखर ७१ अंशांपर्यंत तापवणे हा सुरक्षिततेचा भाग आहे, तो वगळू नये, मेरिंग (फेटून फुगवलेले हेच मिश्रण) पूर्ण निवल्याशिवाय बटर घालू नये, आणि बटर घालताना मध्येच ते फाटल्यासारखे दिसते तो टप्पा नेहमीचा आहे, फेटत राहावे. लिकर शेवटी, वर सांगितल्याप्रमाणेच.

शेवटी फ्रिज पाहावा. ग्लासभर पाण्यात थर्मामीटर बुडवून रात्रभर मधल्या कप्प्यात ठेवावा. सकाळी आकडा ५ अंश किंवा त्याखाली असावा. आठ-दहा दिसत असेल तर मागची जाळी धूळ झाडून स्वच्छ करावी, फ्रिज भिंतीपासून थोडा पुढे ओढावा आणि दाराच्या रबरात कागद अडकवून तो सैल निघतो का ते पाहावे.

कुठे थांबावे आणि कुणाला बोलवावे

बटरला खवट किंवा जुन्या तेलासारखा वास येत असेल तर दुरुस्ती करू नये, फेकून द्यावे; कॉफीने तो वास झाकला जात नाही. वर दिलेला गरम-गारचा उपाय दोनदा करूनही फ्रॉस्टिंग सावरले नाही, तर तिसऱ्यांदा करू नये, हवा निघून गेलेली असते. ते कुकीजच्या पिठात साखर-बटर म्हणून वापरता येते.

जाळी आणि रबर पाहूनही फ्रिज गार होत नसेल तर तंत्रज्ञाला बोलवावे. आजच्या बऱ्याच घरगुती फ्रिजमध्ये आर-६००ए हा ज्वलनशील वायू असतो, त्यामुळे मागच्या नळ्या, गॅस किंवा कंप्रेसरला घरी हात लावणे धोक्याचे आहे. हँड मिक्सरला जळका वास आला किंवा हाताला झिणझिण्या आल्या तर प्लग काढावा आणि दुरुस्तीवाल्याकडे न्यावा, तोपर्यंत पुन्हा लावून पाहू नये.

लग्नाचा मजल्यांचा केक, तोही उन्हाळ्यात लॉनवर, हे काम घरच्या स्वयंपाकघरात घेऊ नये. त्यासाठी थंड खोली, थंड वाहतूक आणि जागेवर उभे राहणारा माणूस लागतो, आणि हे सगळे असलेल्या व्यावसायिक बेकरला आधीच सांगावे. घरून विक्री करत असाल तर अन्नसुरक्षा कायद्याखालची नोंदणी आवश्यक आहे. मद्य घातलेला केक विकण्यापूर्वी अन्न व औषध प्रशासन आणि राज्य उत्पादन शुल्क विभाग या दोन्ही कार्यालयांत विचारणा करावी, आणि उत्तर लेखी मिळेपर्यंत ऑर्डर फक्त कॉफीच्या पाकावर घ्यावी.